सहाशे अवघड शब्दांची वही घेऊन बसलेल्या मुलीला

आधी तुझा प्रश्न थोडक्यात मांडते, म्हणजे दुसऱ्या कुणी हे वाचलं तर संदर्भ कळेल. तू तासगावची, बारावीपर्यंत मराठी माध्यमात शिकलेली, सध्या सांगलीत विश्रामबागेतल्या एका अभ्यासिकेत बसून स्पर्धा परीक्षेची तयारी करतेस. तुझ्या वहीत सहाशे दुर्मीळ इंग्रजी शब्द आहेत आणि त्यांचे मराठी अर्थ तुला तोंडपाठ आहेत. सराव मुलाखतीत तू एक शब्द ‘एपिटोम’ असा उच्चारलास आणि समोरचे दोघे हसले. तेव्हापासून वहीतला एकही शब्द बोलताना वापरायचं धाडस होत नाही. कोशातल्या खुणा कळत नाहीत, फोनवरचे दोन आवाज दोन वेगळे उच्चार सांगतात, आणि हे सगळं मराठी माध्यमामुळे झालं का, असंही तू विचारलं आहेस.

मी एकतीस वर्षं याच जिल्ह्यात अकरावी-बारावीला इंग्रजी शिकवलं. माध्यमाचा प्रश्न आधी निकालात काढते. हा शब्द तू वाचून मिळवलास. तो घरात, बाजारात, एसटीत कुणाच्या तोंडी नसतो, तर कानावर पडणार कुठून? इंग्रजी माध्यमातली मुलंही तो असाच वाचतात, मी अनेक वर्गांत ऐकलं आहे. हसणाऱ्यांनी तो कधीतरी ऐकला होता आणि तू ऐकला नव्हतास, एवढाच फरक.

आता खरं दुखणं. तू अर्थ एका रकान्यात लिहिलास, उच्चाराचा रकाना रिकामा ठेवलास, आणि शब्द कुठून आला याला तर वहीत जागाच नाही. माझा अनुभव असा की हा तिसरा रकाना भरला की पहिले दोन बरेचसे आपोआप भरतात. म्हणून तुला छळणारा शब्दच आधी घेऊ.

मिरजेत दवाखान्यांची काय कमी! तिथल्या कुठल्याही वॉर्डात ‘अपेंडेक्टमी झाली’, ‘हिस्टरेक्टमी करायची आहे’ हे शब्द तू ऐकले असशील. यातलं शेवटचं ‘टमी’ ग्रीक आहे, अर्थ कापणं. ॲनाटमी म्हणजे कापून, उलगडून पाहिलेलं शरीर. ॲटम म्हणजे जो कापता येत नाही तो. तुझा शब्द याच घरातला. म्हणून तो ‘इपिटमी’ असा म्हणायचा, जोर ‘पि’वर, शेवट अगदी अपेंडेक्टमीसारखा. मूळ अर्थ मोठ्या ग्रंथाला कात्री लावून केलेला सारांश. सारांशात सगळ्याचं सार उतरतं, म्हणून पुढे ‘एखाद्या गुणाचं मूर्तिमंत रूप’ हा अर्थ आला. ‘ती संयमाची इपिटमी आहे’ म्हणजे संयम काय ते तिच्याकडे बघून कळावं. उच्चार आणि अर्थ दोन्ही त्या कात्रीनेच दिले. हा शब्द तू आता विसरणार नाहीस, आणि त्यासाठी पाठांतर करावं लागलं नाही.

ग्रीक घरातून आलेल्या शब्दांत शेवटचा ‘ई’ बहुतेक वेळा बोलला जातो. ‘हायपरबोल’ नाही, हायपर्बली. कटॅस्ट्रफी, अपॉस्ट्रफी, सिनेक्डकी हे सगळे त्याच रांगेतले. लॅटिनमधून आलेले सिमिली आणि फॅक्सिमिलीही शेवटचा ‘ई’ सोडत नाहीत. ग्रीक शब्दांत सी-एच ही जोडी दिसली की ‘क’ म्हणायचं: केऑस, आर्किपेलगो. सुरुवातीला पी आणि एस, किंवा पी आणि एन एकत्र आले तर पी मुका: सूडनिम, न्यूमोनिया. स्मरणासाठी केलेल्या युक्तीला जो शब्द आहे त्याच्या सुरुवातीला एम आहे, पण म्हणायचं निमॉनिक.

फ्रेंच घराची रीत वेगळी. तिथे सी-एच म्हणजे ‘श’: क्लीशे, पनॅश. शेवटची व्यंजनं बऱ्याचदा गिळली जातात: डेब्री, रॉन्डिवू, फो पा, सोब्रिके. पण इथे एक धोका आहे. गिळण्याची सवय लागली की माणूस नको तिथेही गिळतो. अखेरचा घाव या अर्थाचा फ्रेंच शब्दप्रयोग ‘कू द ग्रास’ असा आहे. पुष्कळ लोक मोठ्या आत्मविश्वासाने ‘कू द ग्रा’ म्हणतात, आणि ‘ग्रा’ असा उच्चार होणारा फ्रेंच शब्द चरबीचा आहे. शेवटी ‘ई’ लिहिलेला असेल तर त्याच्या आधीचं व्यंजन वाजतं, एवढं लक्षात ठेव.

वेल्श भाषेतला एक शब्द मुद्दाम सांगते, कारण आपल्याकडची ट्रेकिंग करणारी मुलं तो हमखास अडखळत वाचतात. एव्हरेस्टच्या वाटेवर जी हिमानी दरी लागते तिच्या नावातल्या दुसऱ्या शब्दात सी, डब्ल्यू आणि एम ही तीनच अक्षरं आहेत, ओळखीचा स्वर एकही नाही. उच्चार ‘कूम’. वेल्शमध्ये डब्ल्यू हा स्वर आहे आणि कूम म्हणजे दरी. जॉर्ज मॅलरीने १९२१ मध्ये तिला वेस्टर्न कूम हे नाव दिलं.

तुझ्या वहीतल्या अर्थांबद्दल मला उच्चारांपेक्षा जास्त काळजी वाटते. उच्चार चुकला तर ऐकणारा हसेल किंवा सुधारेल. अर्थ उलटा वापरलास तर तुझं म्हणणंच उलटं होईल. ‘इग्रीजस’ बघ. तू त्याच्यासमोर ‘असामान्य’ लिहिलं आहेस. मूळ लॅटिनमध्ये ‘ग्रेक्स’ म्हणजे कळप, आणि हा शब्द म्हणजे कळपातून वेगळं उठून दिसणारं. माण-खटावच्या माळावर मेंढरांचा तांडा चालताना एखादं मेंढरू बाजूला उभं असतं, ते चित्र डोळ्यासमोर आण. याच कळपावरून समूहप्रिय माणसाला ग्रिगेरिअस म्हणतात, जमलेल्या भाविकांना काँग्रिगेशन, वेगळं काढण्याला सेग्रिगेशन, बेरजेला ॲग्रिगेट. पूर्वी इग्रीजस हे कौतुकच होतं. पुढे ते टोमण्यासारखं वापरलं जाऊ लागलं आणि अर्थ फिरला. आज ‘इग्रीजस एरर’ म्हणजे डोळ्यात खुपणारी, अक्षम्य चूक. मुलाखतीत तू आपल्या शिक्षकांना ‘इग्रीजस’ म्हणालीस तर बोलायचं होतं त्याच्या नेमकं विरुद्ध बोललीस.

असे फसवे शब्द तुझ्या वहीत आणखी असतील. एनर्वेट ऐकून एनर्जी आठवते, पण अर्थ अंगातलं बळ काढून घेणं असा आहे. नॉइसमचा नॉइजशी काही संबंध नाही, अर्थ दुर्गंधी किंवा किळसवाणं. मेरिट्रिशसमध्ये मेरिट दिसतं, पण तो लॅटिनमधल्या वेश्या या अर्थाच्या शब्दावरून आला आहे. वरवर भपकेबाज, आतून पोकळ, असा त्याचा अर्थ. फ्रायबलचा तळण्याशी संबंध नाही, ती भुसभुशीत माती. तुझ्या घरी द्राक्षबाग असेल तर ‘फ्रायबल सॉइल’ म्हणजे काय हे तुला कोशापेक्षा जास्त चांगलं माहीत आहे.

शब्द सुटे पाठ करू नकोस, कुटुंबानं घे. लॅटिन ‘अॅनिमस’ म्हणजे मन. मोठ्या मनाचा तो मॅग्नॅनिमस. सगळ्यांचं मन एक झालं की युनॅनिमस, म्हणजे ग्रामसभेत ठराव एकमताने होतो तसं. मन समतोल असणं म्हणजे इक्वनिमिटी. लॅटिनमध्ये अगदी लहानशा वस्तूला ‘पुसिलस’ म्हणतात, म्हणून इवल्याशा काळजाचा, भेकड माणूस प्युसिलॅनिमस. हा शेवटचा शब्द दुर्मीळ म्हणून तुझ्या यादीत आला असेल, पण त्याचं मन ओळखीचं निघालं की तो परका राहत नाही.

आता जोर. याच्यावर मी सगळ्यात जास्त वेळ घालवणार आहे, कारण मराठी बोलणाऱ्यांचा इंग्रजी शब्द तिथेच बिघडतो. आपण शब्दातल्या सगळ्या अक्षरांना जवळपास सारखं वजन देतो. इंग्रजीत तसं चालत नाही. मिरज हे तंबोऱ्याचं आणि गाण्याचं गाव आहे, म्हणून तालाच्या भाषेत सांगते. तीनतालात मात्रा सोळा, सम एक. एखाद्या मात्रेत थोडं इकडेतिकडे झालं तर श्रोता समजून घेतो, सम चुकली तर सगळी बैठक हलते. इंग्रजी शब्दाची सम म्हणजे त्याचा जोर. जोर योग्य अक्षरावर पडला की बाकीच्या स्वरांत थोडी चूक झाली तरी ऐकणाऱ्याला शब्द कळतो. जोर चुकला तर सगळे स्वर बरोबर असूनही तो गोंधळतो.

आणि सम पडली की बाकीच्या मात्रा हलक्या व्हायला हव्यात. ‘फोटोग्राफ’ म्हणताना जोर ‘फो’वर. फोटॉग्रफी म्हणताना तो ‘टॉ’वर सरकतो आणि आधीचा ‘फो’ पुसट होऊन जवळजवळ ‘फ’ उरतो. फोटोग्रॅफिकमध्ये तो ‘ग्रॅ’वर. घर एक, सम तीन ठिकाणी. अशा जोर नसलेल्या पुसट स्वराला श्वा म्हणतात. कोशात त्याची खूण म्हणजे उलटा लिहिलेला छोटा ई. आपला ‘अ’ त्याच्या सगळ्यात जवळचा, फक्त तो आणखी ओझरता म्हणायचा. म्हणजे या ध्वनीसाठी मराठी माणसाला नवीन काही शिकायचं नाही, फक्त हात सैल सोडायचा आहे.

जोर कुठे ते बऱ्याच शब्दांत शेपटीवरून ओळखता येतं. ‘इक’, ‘इटी’, ‘शन’ आणि ‘इअस’ किंवा ‘शस’ अशी शेपटी असेल तर जोर तिच्या लगेच आधीच्या अक्षरावर. पर्स्पिकॅसिटीत ‘कॅ’वर, पर्स्पिकेशसमध्ये ‘के’वर, इग्रीजसमध्ये ‘ग्री’वर, डेलिटिअरिअसमध्ये ‘टिअ’वर. अपवाद आहेत: पॉलिटिक्स आणि ॲरेबिक यांचा जोर पहिल्यावर. पण या एका नियमाने तुझ्या वहीतले अनेक शब्द सरळ होतील. फक्त नसलेली शेपटी लावू नकोस. खोडकर या अर्थाचा शब्द ‘मिस्चिव्हस’ असा तीन अक्षरी आहे, जोर ‘मि’वर. ‘मिसचीव्हिअस’ म्हणणारे मोठमोठे लोक मी ऐकले आहेत, आणि ते चूक आहे.

कोशातल्या खुणांची भीती काढून टाक. छोटी उभी रेघ ज्या अक्षराच्या आधी वर दिसते त्या अक्षरावर जोर. तशीच रेघ खाली असेल तर तिथे दुय्यम, हलका जोर. स्वरापुढे दोन टिंबं म्हणजे दीर्घ. उलटा ई म्हणजे श्वा. या चार खुणांवर तुझं नव्वद टक्के काम भागेल. मात्र काही अमेरिकन कोश स्वतःची वेगळी चिन्हं वापरतात. त्यांच्या सुरुवातीच्या पानांवर तक्ता असतो, तो आधी बघ.

उच्चार देवनागरीत लिहून ठेवायला मी विद्यार्थ्यांना कधीच मनाई केली नाही. आपल्या शेजारी वाईला मराठी विश्वकोशाचं काम चालतं. त्याचा पहिला खंड १९७६ मध्ये निघाला, आणि त्यातली परदेशी नावं उच्चाराप्रमाणे देवनागरीत लिहिलेली आहेत. ॲ आणि ऑ ही चिन्हं आपल्याकडे आहेतच. पण देवनागरी सगळं दाखवते असंही समजू नकोस. ‘चार’ आणि ‘चारा’ यांत आपण एकच च लिहितो आणि दोन वेगळे बोलतो. जोर तर ती दाखवतच नाही. म्हणून जोराच्या अक्षराखाली तांबड्या पेनाने रेघ मार. आणि दोन ठिकाणी कान उघडा ठेव. व्ही म्हणताना वरचे दात खालच्या ओठाला टेकतात, डब्ल्यू म्हणताना ओठांचा चंबू होतो. आपला ‘व’ या दोन्हींच्या मध्ये कुठेतरी असतो, म्हणून आपले व्हेल आणि वेल सारखे ऐकू येतात. झेडसाठी आपण ‘झ’ लिहितो, पण तो ‘झाड’मधल्या झ पेक्षा मऊ, हवेचा फवारा सोडल्यासारखा आहे.

फोनवरच्या दोन आवाजांपैकी एक बहुधा ब्रिटिश असतो, दुसरा अमेरिकन. शेड्यूल आणि स्केज्यूल, लेफ्टनंट आणि लूटेनंट, दोन्ही आपापल्या देशात बरोबर. आपल्या फौजेत, न्यायालयात आणि विद्यापीठात ब्रिटिश रीत रुळलेली आहे, तू तीच धर आणि शेवटपर्यंत तीच ठेव. आपल्या सांगलीच्या हळदीचंही तसंच. टर्मरिकमधला पहिला ‘र’ अमेरिकेत पुष्कळ लोक गाळून ‘ट्यूमरिक’सारखं बोलतात आणि तिथले कोश ते नोंदवतातही. तू टर्मरिकच म्हण.

काही शब्दांत मात्र घर शोधूनही लिहिल्याप्रमाणे बोलता येत नाही. साताऱ्याजवळ मिलिटरी आपशिंगे नावानेच ओळखलं जाणारं गाव आहे. अशा सैनिकी गावात ‘कर्नल’ कुणी ‘कोलोनेल’ म्हणणार नाही, कारण तिथे तो कानाने आला आहे. मूळ इटालियन शब्दात ‘ल’ होता, फौजेच्या तुकडीचा नायक असा अर्थ. फ्रेंचांनी पहिल्या ल चा र केला. इंग्रजांनी सोळाव्या शतकात तो र वाला शब्द घेतला. पुढे स्पेलिंग इटालियन वळणावर नेलं आणि तोंडातला र तसाच राहिला. डेट, डाउट, रिसीट यांतली मुकी अक्षरंही अशीच, लॅटिनशी नातं दाखवायला पंडितांनी नंतर घातलेली. लोक त्याआधीही ती बोलत नव्हते. आरोप ठेवणं या अर्थाचा इन्डाइट आणि अन्नसामग्री या अर्थाचा विटल्स याच प्रकारचे. टार्मिगन या पक्ष्याच्या नावाची गोष्ट तर अशी की शब्द स्कॉटलंडच्या गेलिक भाषेतला, पण कुणीतरी तो ग्रीक समजून पुढे पी चिकटवला. बंदराचा धक्का म्हणजे ‘की’, जहाजावरचा मुकादम म्हणजे ‘बोसन’, स्पेलिंग काहीही असो. हे पंचवीस-तीस शब्द वेगळ्या पानावर लिही आणि नुसते ऐकून पाठ कर.

अर्थ बघताना शब्दाच्या पुढे काय शेरा आहे तेही वाच. ‘ऑब्सोलीट’ म्हणजे वापरातून गेलेला, ‘आर्केइक’ म्हणजे जुन्या वळणाचा, क्वचित मुद्दाम वापरला जाणारा, ‘लिटररी’ म्हणजे साहित्यातला. शिवाय काही कोश सर्वांत जुना अर्थ आधी देतात. पहिला अर्थ उचलायची सवय असेल तर तिथे फसशील. आजच्या वापरातला पहिला अर्थ हवा तर विद्यार्थ्यांसाठी केलेला कोश बघ.

सहाशेतले किती ठेवायचे? माझं स्पष्ट मत आहे की दीडशे. २९ अक्षरांचा फ्लॉक्सिनॉसिनायहिलिपिलिफिकेशन सोडून दे. क्षुल्लक या अर्थाचे चार लॅटिन शब्द एकापुढे एक जोडून तो बनवला आहे आणि मुलाखतीत त्याचं काही काम नाही. ४५ अक्षरांचा न्यूमोनोअल्ट्रामायक्रोस्कोपिकसिलिकोव्होल्केनोकोनिओसिस हा तर अमेरिकेतल्या कोडी सोडवणाऱ्यांच्या संघटनेच्या अध्यक्षाने १९३५ मध्ये लांबीसाठीच तयार केला. त्याऐवजी न्यूमोकोनिओसिस हा वैद्यकातला खरा शब्द शिक. ‘न्यूमो’ फुप्फुसाचं, ‘कोनिस’ म्हणजे धूळ. त्यातलाच एक प्रकार सिलिकोसिस. खडी क्रशरवर काम करणाऱ्या मजुरांना तो होतो. समाजकल्याणाचा प्रश्न आला तर हा शब्द तुला खरोखर लागेल.

उगम बघायची सवय किती मोलाची आहे यासाठी एक खरी हकीकत. १९३४ च्या वेबस्टर कोशाच्या दुसऱ्या आवृत्तीत ‘डॉर्ड’ नावाचा शब्द छापला गेला, अर्थ दिला होता घनता. प्रत्यक्षात ती ‘मोठा डी किंवा छोटा डी’ हे घनतेचं संक्षिप्त रूप सांगणारी चिठ्ठी होती, आणि ‘डी ऑर डी’ ही अक्षरं जोडून वाचली गेली. १९३९ मध्ये एका संपादकाच्या लक्षात आलं की या शब्दाला उगमच दिलेला नाही. त्यावरून तो पकडला गेला.

शेवटी तू विचारलं होतंस, यादीतला ‘पेट्रिचोर’ काय आहे आणि त्याला मराठी शब्द आहे का. उच्चार पेट्रिकॉर, जोर ‘पे’वर, ग्रीक घर असल्यामुळे सी-एच चा क. इझाबेल जॉय बेअर आणि रिचर्ड थॉमस या ऑस्ट्रेलियातल्या दोन शास्त्रज्ञांनी १९६४ मध्ये तो बनवला. ‘पेट्रा’ म्हणजे दगड, ‘आयकॉर’ म्हणजे ग्रीक देवांच्या शिरांतून वाहणारा रस. कोरड्या मातीवर पहिला पाऊस पडल्यावर येणारा वास. आपल्याकडे त्याला मृद्गंध म्हणतात. कनौजचे अत्तरवाले तर तो वास फार पूर्वीपासून कुपीत भरतात. वैशाखात तासगावच्या माळावर वळीव कोसळला की तुझ्या अंगणात जो येतो, तोच. एवढा एक शब्द वहीत लिही, जोराखाली तांबडी रेघ मार, आणि तिसऱ्या रकान्यात दगड आणि देवांचा रस लिहून ठेव. मग पुढच्या नऊ शब्दांचे तिन्ही रकाने स्वतः भर आणि मला पाठव. मी तपासून देईन.